चिठ्ठीत प्रश्न लिहा

दातांच्या दवाखान्यातून एक्स-रे सेंटरला जाणाऱ्या चिठ्ठीवर बहुतेक वेळा एकच शब्द असतो: ओपीजी, म्हणजे सगळ्या जबड्याचा एकच सपाट एक्स-रे. हल्ली कधी सीबीसीटी, म्हणजे जबड्याचा त्रिमितीय स्कॅन. खाली सही, शिक्का, पेशंटचं नाव आणि वय. कुठली दाढ, काय दुखतंय, आधी काय उपचार झालेत, आणि या फोटोवरून नेमकं काय ठरवायचंय, यातलं काहीच नसतं. पेशंटही तोच शब्द घेऊन रांगेत बसतो. फोटो निघतो, पांढऱ्या पाकिटात घातला जातो, आणि सगळ्यांना वाटतं की आता आत काय आहे ते कळलं.

पण क्ष-किरणांचा फोटो म्हणजे सावली. चेहऱ्यात हाडांच्या पातळ भिंती, हवेच्या पोकळ्या, दातांची मुळं आणि त्यांच्यामधून जाणाऱ्या नसा इतक्या दाटीने बसल्यात की एका दिशेने पडलेली सावली बऱ्याच गोष्टी एकमेकींखाली दडवते. दिशा, जाडी, किरणांची मात्रा, डोकं किती कललं आहे, तोंड उघडं की मिटलेलं, हे सगळं आधी ठरवावं लागतं, आणि ठरवायचं तर आपल्याला काय पाहायचंय ते माहीत असावं लागतं. म्हणून मला चिठ्ठीतला प्रश्न यंत्राइतकाच महत्त्वाचा वाटतो.

ओपीजीपासूनच सुरुवात करू, कारण तो सगळ्यांच्या ओळखीचा. पेशंट उभा, दोन्ही हातांनी दांडे धरलेले, आणि यंत्र डोक्याभोवती पंधरा-एक सेकंदांत अर्धी प्रदक्षिणा घालतं. किरण सोडणारी ट्यूब मागून फिरते, समोरून ते टिपणारा डिटेक्टर. दोन्हींचा वेग असा जुळवलेला असतो की जबड्याच्या आकाराचा एक वक्र पट्टा तेवढा स्पष्ट उमटतो आणि त्याच्या पुढचं-मागचं पुसट होत जातं. हा पट्टा दाढांपाशी बराच रुंद असतो, पण पुढच्या दातांपाशी जेमतेम सेंटिमीटरभर किंवा त्याहून कमी. ओपीजी बिघडतो तो बहुधा इथे. चावायच्या प्लास्टिकच्या तुकड्यावर एक खाच असते. वरचे आणि खालचे पुढचे दात त्या खाचेत टोकाला टोक लावून बसले पाहिजेत. पेशंट पुढे सरकला तर पुढचे दात काड्यांसारखे बारीक होतात, मागे राहिला तर फुगून पसरतात. हनुवटी फार खाली गेली तर दातांची रांग वाजवीपेक्षा जास्त हसते आणि खालच्या पुढच्या दातांची मुळं पुसली जातात. हनुवटी वर राहिली तर रांग सपाट होते आणि टाळूच्या हाडाची पांढरी पट्टी वरच्या मुळांवर आडवी बसते. डोकं एका बाजूला वळलं तर एकीकडच्या दाढा रुंद, दुसरीकडच्या अरुंद दिसतात, आणि नवखा डॉक्टर जबडा वाकडा आहे की काय म्हणून काळजीत पडतो.

सगळ्यात जास्त हुकते ती जीभ. टेक्निशियन सांगतो, ‘थुंकी गिळा आणि जीभ टाळूला चिकटवून ठेवा.’ पेशंट गिळतो आणि लगेच जीभ सैल सोडतो. मग जीभ आणि टाळू यांच्यामधली हवा काळा पट्टा होऊन वरच्या दातांच्या मुळांवर येते. तिथे खरोखर पू धरला असेल तरी तो या काळ्यात हरवतो. सूचना एकदा सांगून भागत नाही. आधी एकदा करून घ्यावी, आणि यंत्र सुरू होईपर्यंत जीभ तशीच राहील याची खात्री करावी. मान वाकवून उभं राहिलं तर मणक्याची पांढरी सावली फोटोच्या बरोबर मध्यभागी उभी राहते. त्यासाठी पेशंटला पाय एक पाऊल पुढे घ्यायला सांगायचं, म्हणजे मान आपोआप सरळ होते.

दागिन्यांचं गणित आणखी वेगळं आहे. ट्यूब किंचित खालून वरच्या दिशेने किरण टाकते. त्यामुळे उजव्या कानातल्या कुडीची एक स्पष्ट सावली जागच्या जागी पडते, आणि दुसरी मोठी, पुसट सावली डाव्या बाजूला, मूळ जागेपेक्षा वर उमटते. ती वरच्या जबड्यावर आली की एखादा कठीण गोळा असल्यासारखी दिसते. कुडी, चमकी, मंगळसूत्र, केसांच्या पिना, कवळी, कानाचं यंत्र, सगळं काढून ठेवायला सांगावं लागतं. कितीतरी बायकांना मंगळसूत्र काढायला संकोच वाटतो. तिथे घाई न करता, ते आपल्याच हातात किंवा सोबतच्या माणसाकडे ठेवा, असं सांगितलं की काम होतं. लेड अ‍ॅप्रन मानेवर उंच चढला तर त्याचीही पांढरी त्रिकोणी सावली खालच्या जबड्यावर बसते.

एवढं सगळं नीट जमलं तरी ओपीजी वीस ते तीस टक्के मोठं दाखवतो, आणि तेही सगळीकडे सारखं नाही. त्यावर पट्टी ठेवून इम्प्लांटची, म्हणजे कृत्रिम दातासाठी हाडात बसवायच्या स्क्रूची, लांबी ठरवणं धोक्याचं. ओपीजीने सगळा जबडा एका नजरेत दाखवावा, न उगवलेले दात, गाठी, सांधे, मोडलेलं हाड यांची पहिली खबर द्यावी. किडीची सुरुवात किंवा एका मुळाच्या टोकाशी झालेला बारीक बदल बघायचा असेल तर तोंडात ठेवायचा छोटा आयओपीए किंवा आरव्हीजीच बरा. तो अधिक तीक्ष्ण असतो आणि किरणही फार कमी लागतात. त्याची स्वतःची खोड अशी की ट्यूबचा उभा कोन जास्त झाला तर दात आखूड दिसतो, कमी पडला तर लांबट. रूट कॅनालच्या वेळी मूळ साफ करायची बारीक सुई (फाइल) मुळाच्या टोकाला पोचली की नाही हे याच फोटोवर ठरतं, त्यामुळे सेन्सर दाताला समांतर धरणारा होल्डर वापरण्याचा कंटाळा करू नये.

आता अक्कलदाढ. खालची आडवी अडकलेली अक्कलदाढ काढायची असते तेव्हा खरा प्रश्न असतो नसेचा. खालच्या ओठाला आणि हनुवटीला संवेदना देणारी नस जबड्याच्या हाडातल्या नळीतून जाते आणि ती बऱ्याचदा या दाढेच्या मुळांना लगटून असते. ओपीजीवर तिच्या नळीच्या दोन पांढऱ्या रेघा दिसतात. रूड आणि शेहाब या संशोधकांनी १९९० साली ज्या खुणा तपासल्या, त्यांतल्या तीन आजही रोज कामाला येतात: नळी मुळावरून जाते तिथे मूळ काळवंडलेलं दिसणं, नळीची पांढरी रेघ मध्येच तुटणं, आणि नळीने मुळापाशी येऊन वळण घेणं. मूळ काळवंडतं कारण तिथे बहुधा नसेने मुळात खोबण केलेली असते किंवा आतलं हाड पातळ झालेलं असतं, म्हणजे किरण अडवणारा भागच कमी. यातली एकही खूण दिसली नाही तर पुढे सीबीसीटी काढण्याचं कारण सहसा उरत नाही. दिसली, तर प्रश्न असा लिहावा: ‘३८ (खालची डावी अक्कलदाढ) ची मुळं आणि नळी यांचं नातं: नळी गालाकडून, जिभेकडून, की मुळांच्या मधून? मध्ये हाडाची कड शिल्लक आहे का?’ एवढ्या दोन ओळींनी सेंटरवाल्याचं सगळं काम बदलतं. तो पूर्ण डोक्याऐवजी पाच बाय पाच सेंटिमीटरचं क्षेत्र घेतो, बारीक व्होक्सेल (ज्या घन ठिपक्यांनी त्रिमितीय चित्र बनतं ते) निवडतो, आणि नळीला काटकोनात कापलेले छेद पाठवतो.

उत्तर आल्यावर शस्त्रक्रिया बदलते. नळी जिभेकडून असेल आणि मध्ये हाड नसेल तर दाढ त्या दिशेला रेटायची नाही, आधी तिचे तुकडे करायचे. मुळं नळीला कवटाळून असतील तर फक्त वरचा भाग कापून मुळं आतच ठेवण्याचा पर्याय पेशंटसमोर ठेवता येतो. आणि एक गोष्ट हा फोटो कधीच सांगत नाही: जिभेची नस. ती हाडाबाहेर, जिभेच्या बाजूला, मऊ भागातून जाते. सीबीसीटीत मऊ भागांमधला फरक दिसतच नाही, त्यामुळे सुंदर त्रिमितीय चित्र हातात असूनही जीभ बधिर होण्याचा धोका तेवढाच राहतो. सरसकट सगळ्यांची सीबीसीटी काढल्याने ओठाच्या नसेच्या इजा कमी होतात, असंही तुलनात्मक अभ्यासांत दिसलेलं नाही. निवडून काढलेला फोटोच कामाचा.

सीबीसीटी हे दंतवैद्यकासाठी आलेलं यंत्र. इटलीत वेरोना इथे मोझ्झो आणि सहकाऱ्यांनी १९९८ साली त्याचं वर्णन प्रसिद्ध केलं. साध्या सीटीत किरण पंख्यासारखे पातळ असतात आणि पेशंट आत सरकत जातो. इथे किरणांचा शंकू असतो आणि एकाच फेरीत शेकडो सपाट फोटो निघतात. त्यांवरून संगणक घनाकृती उभी करतो. व्होक्सेल ०.०७५ पासून ०.४ मिलीमीटरपर्यंत. फेरीला १० ते ४० सेकंद. एवढा वेळ डोकं मिलीमीटरभरही हलता कामा नये, हे सांगायला सोपं आणि सत्तरीतल्या माणसाला पाळायला कठीण. हललं की हाडाच्या कडा दुहेरी दिसतात. अशा पेशंटला बसवून, कपाळाचा पट्टा बांधून, शक्य असेल तर अर्ध्या फेरीचा छोटा स्कॅन घ्यावा. ०.०७५ चं व्होक्सेल निवडून माणूस हलला, तर ०.२ वर स्थिर निघालेला फोटो त्यापेक्षा कितीतरी चांगला.

धातू ही दुसरी अडचण. कॅप, इम्प्लांट, मुळातलं भरण यांतून जाताना किरणांमधले कमी शक्तीचे किरण आधी गळून जातात. उरलेले संगणकाला चुकीचं सांगतात आणि धातूच्या शेजारी काळे पट्टे उमटतात. दोन इम्प्लांटच्या मधला काळा पट्टा हाड झिजल्यासारखा दिसतो. रूट कॅनाल केलेल्या मुळातली काळी रेघ मुळाला तडा गेल्यासारखी दिसते, आणि तेवढ्यावर चांगला दात काढला जातो. तड्याची शंका असेल तर रेघेवर विसंबण्यापेक्षा मुळाच्या कडेने हाड उभं खाल्लं गेलंय का ते बघावं, आणि हिरडीत प्रोब (खोली मोजायची बारीक सळी) घालून एकाच जागी खोल खड्डा लागतो का ते तपासावं. स्कॅनच्या वेळी गाल आणि दात यांच्यामध्ये कापसाची वळी ठेवली आणि वरचे-खालचे दात थोडे अलग ठेवले, तर बरंच स्वच्छ चित्र मिळतं. वरच्या कॅपची धारी खालच्या दातांवर येत नाही, हा त्यातला मोठा फायदा.

इम्प्लांटच्या कामात सीबीसीटीचं खरं मोल हाडाची रुंदी आणि आकार दाखवण्यात आहे. खालच्या दाढांच्या जागी जबडा जिभेच्या बाजूने आत दबलेला असतो. ओपीजीवर तिथे पंधरा मिलीमीटर हाड आहे असं वाटतं, आणि छेदात दिसतं की दहा मिलीमीटरनंतर ते आत वळतंय. सरळ ड्रिल केलं तर टोक जिभेखाली बाहेर पडतं. तिथली रक्तवाहिनी फाटली तर तोंडाचा तळ फुगतो, जीभ वर ढकलली जाते, आणि श्वासाचा रस्ता बंद होऊ शकतो. नसेच्या नळीपासून २ मिलीमीटर अंतर राखायचं हा नियम सगळ्यांना पाठ असतो. त्यासोबत दोन गोष्टी लक्षात ठेवाव्यात. ड्रिलचं टोक त्यावर लिहिलेल्या लांबीपेक्षा थोडं जास्तच खोल जातं, आणि छेद जबड्याला काटकोनात नसला तर उंची वाजवीपेक्षा जास्त भरते. बऱ्याच रिपोर्टांत हाडाची घनता आकड्यात दिलेली असते. साध्या सीटीत पाणी शून्य आणि हवा उणे एक हजार अशी पक्की मोजपट्टी आहे. सीबीसीटीतल्या करड्या छटांना ती नाही. तोच जबडा दुसऱ्या यंत्रात, दुसऱ्या क्षेत्रात वेगळा आकडा देतो. त्या आकड्यावर इम्प्लांट कधी भार घेईल हे ठरवू नये.

किरणांच्या मात्रेबद्दल पेशंट नेहमी विचारतात, आणि त्यांना खरे आकडे मिळायला हवेत. ओपीजीला साधारण १० ते २५ मायक्रोसिव्हर्ट (किरणांची मात्रा मोजायचं एकक). छोट्या क्षेत्राच्या सीबीसीटीला यंत्र आणि सेटिंग यांनुसार काही दहांपासून शंभर-दोनशेपर्यंत. पूर्ण चेहऱ्याच्या स्कॅनला त्याहून बरंच जास्त, काही यंत्रांत हजाराच्या आसपास. निसर्गातून जगभरात माणसाला वर्षाला सरासरी २४०० मिळतात. घाबरण्याचं कारण नाही, पण दात सरळ करायला आलेल्या बारा वर्षांच्या मुलीचा दर सहा महिन्यांनी मोठ्या क्षेत्राचा स्कॅन काढण्याचंही कारण नाही. मुलांच्या पेशी किरणांना जास्त हळव्या असतात आणि त्यांच्यापुढे आयुष्यही जास्त असतं. रोंटगेनने क्ष-किरण शोधल्यानंतर काही आठवड्यांतच, १८९६ च्या जानेवारीत, जर्मनीतल्या ब्राउनश्वाइगच्या ऑटो वाल्कहॉफने स्वतःच्या दाढांचा फोटो काढला, तेव्हा २५ मिनिटं किरण लागले होते. न्यू ऑर्लिन्सचा दंतवैद्य एडमंड केल्स ट्यूब जुळवताना स्वतःचाच हात किरणांत धरत असे. त्याची बोटं गेली, मग हात गेला. आजच्या सेकंदाच्या अंशातल्या फोटोमागे ही माणसं आहेत, आणि म्हणून विनाकारण काढलेला एकही फोटो मला क्षुल्लक वाटत नाही.

अपघाताच्या पेशंटला मात्र सीबीसीटीकडे नेऊ नये. बाइकवरून पडून चेहरा फुटलेल्या माणसाला थेट सीटी लागते, एक मिलीमीटर किंवा त्याहून पातळ छेदांची, आणि सोबत मेंदू आणि मानही बघावी लागते. हनुवटी फाटली असेल तर नजर कानापुढच्या सांध्यांकडे गेली पाहिजे. जबडा कडीसारखा आहे, एका जागी मार बसला की बहुतेकदा दुसरीकडेही मोडतो. टाके घालून घरी पाठवलेल्या मुलाचे दोन्ही सांधे मोडलेले निघतात आणि सहा महिन्यांनी तोंडच उघडत नाही, हे टाळता येण्यासारखं नुकसान आहे. सीटीवरून बनवलेली रंगीत त्रिमितीय कवटी नातेवाइकांना दाखवायला छान, पण डोळ्याच्या खोबणीचा तळ कागदाइतका पातळ असतो. संगणक त्याला हाड धरत नाही आणि धडधाकट माणसाच्याही कवटीत तिथे भोक दाखवतो. म्हणून निदान समोरून आणि बाजूने कापलेल्या छेदांवरच करायचं.

लहान मुलात तर उलटं होतं. त्याचं हाड लवचीक. चेंडू लागला की तळ फटीसारखा उघडतो आणि लगेच मिटतो, आणि डोळा फिरवणारा स्नायू त्या फटीत अडकतो. डोळा पांढराशुभ्र, सूज नाही, सीटीवर हाड जवळपास जागेवर. पण मूल वर बघू शकत नाही, वर बघायला सांगितलं की उलटी करतं, नाडी मंद होते. मेंदूला मार लागला असेल म्हणून त्याला निरीक्षणाखाली ठेवलं जातं, आणि तोवर स्नायूचा रक्तपुरवठा तुटत जातो. हा स्नायू एक-दोन दिवसांत सोडवावा लागतो. चिठ्ठीवर ‘डोळा वर जात नाही, स्नायू अडकलाय का?’ असं लिहिलं, तर रेडिओलॉजिस्ट हाडाबरोबर मऊ भाग नीट दिसतील अशा सेटिंगमध्येही स्नायूची जागा आणि आकार तपासतो.

महाराष्ट्रात चेहऱ्याच्या फोटोचं महत्त्व दोन गोष्टींनी फार जवळून दाखवलं. एक, २०२१ सालची काळी बुरशी. कोरोनातून उठलेले, साखर वाढलेली, स्टेरॉइड घेतलेले पेशंट वरचे दात एकदम हलायला लागले म्हणून आधी दंतवैद्याकडे आले. ओपीजीत काहीच दिसत नसे, कारण हाडातला बराचसा चुना गेल्याशिवाय साध्या फोटोत फरक उमटत नाही. सीटीतही हाड खाल्लेलं उशिरा दिसतं. त्याआधी वरच्या जबड्याच्या सायनसमागची, म्हणजे हवेच्या पोकळीमागची, चरबी धूसर होते. डाय (रक्त पोचतं तो भाग उजळवणारं औषध) देऊन काढलेल्या एमआरआयमध्ये नाकातला मांसल भाग उजळायच्या ऐवजी काळा राहतो, म्हणजे तिथलं रक्त थांबलेलं आहे. ज्यांनी चरबीतला तो धूसरपणा आणि नाकातला काळा भाग वेळेवर ओळखला, त्यांच्यामुळे काहींचे डोळे वाचले.

दुसरी गोष्ट गुटखा. राज्यात २०१२ पासून बंदी आहे आणि तोंडं आखडलेले तरुण अजून येतात. दोन बोटं आत जात नाहीत, तिथे आरव्हीजीचा सेन्सर कुठून जाणार? त्यांच्यासाठी ओपीजीच आधार. गाल आणि हिरडी यांच्यामधल्या खाचेत कर्करोग झाला असेल तर डाय देऊन सीटी काढताना एक साधी युक्ती उपयोगी पडते: ओठ मिटून गाल फुगवायला सांगायचे आणि स्कॅन संपेपर्यंत तसंच धरायला. एरवी गाल हिरडीला चिकटलेला असतो आणि गाठ गालाची की हिरडीची हे कळत नाही. फुगवल्यावर मध्ये हवा येते आणि दोन्ही पृष्ठभाग वेगळे होतात. तोंड आखडलेल्याला थोडंच जमतं, पण टेबलवर झोपवण्याआधी दोन-तीनदा सराव करून घेतला तर तेवढंही पुरतं. आणि अशा तोंडातला हलणारा दात स्कॅनआधी काढू नये. दात काढलेली ताजी खाच आणि गाठीने खाल्लेलं हाड फोटोत सारखंच दिसतं, आणि त्या गोंधळात जबड्याचा किती भाग कापायचा हा निर्णय चुकतो.

जबडा कापून पायाच्या हाडाने पुन्हा बांधायचा असेल तर हाच स्कॅन थ्रीडी मॉडेल आणि हाड कुठे कापायचं ते दाखवणाऱ्या पट्ट्या बनवायला लागतो. तेव्हा छेद पातळ हवेत, आणि गॅन्ट्री (सीटीचं गोल कडं) न कलवता घेतलेले हवेत. तीन मिलीमीटरच्या छेदांवर बनवलेलं मॉडेल पायऱ्यापायऱ्यांचं होतं आणि प्लेट त्यावर नीट बसत नाही. दातांचा चावा धातूमुळे अस्पष्ट येतो, म्हणून तोंडातला डिजिटल स्कॅन त्यावर जुळवून घ्यावा लागतो. हे सगळं फाइलवर होतं, फिल्मवर होत नाही.

त्यामुळे पेशंटने सेंटरमधून निघताना फिल्मसोबत डायकॉम फाइल, म्हणजे स्कॅनची मूळ डिजिटल फाइल, मागून घ्यावी, सीडीवर किंवा पेन ड्राइव्हवर. व्ह्यू बॉक्सवर ठेवलेल्या फिल्मचा मोबाइलने काढलेला, व्हॉट्सअ‍ॅपने दाबून पाठवलेला फोटो बघून मत मागणारे रोज असतात, आणि त्यात नसेची नळी शोधणं म्हणजे अंदाज. फाइल उघडल्यावर डॉक्टरनेही ज्या दाढेसाठी स्कॅन काढला तेवढीच न बघता सगळं क्षेत्र वरपासून खालपर्यंत एकदा चाळावं: सायनस, सांधे, श्वासमार्ग, आणि ओपीजी असेल तर मानेच्या तिसऱ्या-चौथ्या मणक्याजवळ रक्तवाहिनीत साचलेले चुन्याचे ठिपके. ती फाइल तारीख लिहून घरी ठेवावी. चार वर्षांनी जबड्यात एखादी गाठ दिसली, तर ती आधी होती का, केवढी होती आणि कुठल्या मुळापासून सुरू झाली हे त्या जुन्या फाइलमध्ये बघता येतं.